गीता-ज्ञानेश्वरी वाचायचीय, पण कुठलं पुस्तक घेऊ? नव्या वाचकांसाठी

"गीतेचं चांगलं मराठी भाषांतर कोणतं ते सांगा ना" असं विचारणाऱ्याला एकच नाव हवं असतं. नाव सांगता येतं, खाली सांगणारही आहे, पण नुसतं नाव घेऊन तुम्ही पुण्याच्या अप्पा बळवंत चौकात किंवा आळंदीच्या गल्लीत गेलात तर त्याच नावाच्या चार आवृत्त्या पुढ्यात पडतात, एक बारकी, एक विटेएवढी, एक गुळगुळीत कागदावर रंगीत चित्रांची, आणि दुकानदार म्हणतो सगळ्या सेमच आहेत हो. सेम नसतात. म्हणून नाव पाठ करण्यापेक्षा पुस्तक हातात आल्यावर त्यात काय बघायचं ते आधी समजून घ्या.

माझा निकष एकच आहे. भाषांतर करणारा माणूस आपण कुठल्या वाटेने आलो ते सांगतो का? मूळ कुठल्या प्रतीतलं, अर्थ कुणाच्या भाष्याला धरून केलाय, आणि स्वतःचं काय घातलंय, हे कळतंय का. ज्ञानेश्वर महाराजांनीही अठराव्या अध्यायात हे सांगून टाकलंय, "तैसा व्यासाचा मागोवा घेतु । भाष्यकारांतें वाट पुसतु". माऊलींना वाट विचारल्याचं सांगायला कमीपणा वाटला नाही, तर आजच्या "सुबोध सार्थ" वाल्यांना का वाटावा हा माझा सरळ प्रश्न आहे.

पायरी १. आधी ठरवा, पुस्तक कशासाठी हवंय

रोज पाठ करायचा, अर्थ समजून घ्यायचा, की नीट अभ्यास करायचा? ही तीन वेगळी कामं आहेत आणि तिन्हीला एकच पुस्तक बहुतेक वेळा चालत नाही. पाठाला मोठा टाईप, उघडी राहणारी बांधणी आणि शुद्ध छपाई लागते, अर्थ नसला तरी अडत नाही. समजून घ्यायला सार्थ, म्हणजे मुळासोबत अर्थ दिलेली प्रत लागते. अभ्यासाला पदच्छेद (श्लोकातले जोडशब्द सुटे करून), अन्वय (शब्द वाक्याच्या क्रमाने लावून), टीपा हे सगळं लागतं. लोक पहिल्याच दिवशी अभ्यासाचं जाडजूड पुस्तक आणतात, चार दिवस वाचतात आणि मग ते लाल फडक्यात गुंडाळून देवघरात जातं ते कायमचंच.

दुसरं म्हणजे पुस्तकात नक्की काय आहे ते माहीत करून घ्या, कारण इथं भरपूर गोंधळ होतो. एकनाथी भागवत घेतलं म्हणजे अख्खं भागवत मिळालं असं समजणारे खूप आहेत. भागवताचे बारा स्कंध, परंपरेने अठरा हजार श्लोक, आणि नाथांची टीका, म्हणजे विवरण, आहे ती फक्त अकराव्या स्कंधावर. नाथांनी ती काशीत शके १४९५ मध्ये पूर्ण केली, म्हणजे इसवी १५७३. तिच्यात कृष्ण आणि उद्धवाचा संवाद आहे, ज्ञान, भक्ती, वैराग्याची चर्चा आहे. यशोदा, लोणी, कालिया असल्या बाललीला वाचायच्या असतील तर त्या दहाव्या स्कंधात आहेत, त्यासाठी वेगळं पुस्तक लागेल. घरच्या लहान मुलांना कृष्णाच्या गोष्टी वाचून दाखवायला म्हणून एकनाथी भागवत आणलं की पहिल्या आठवड्यातच मुलं पळतात, बिचाऱ्या नाथांचा काय दोष.

तसंच दासबोध हे कशाचंही भाषांतर नाही, तो समर्थांचा स्वतंत्र ग्रंथ. ज्ञानेश्वरी ही गीतेवरची टीका, म्हणजे सातशे श्लोकांवर नऊ हजारांच्या आसपास ओव्या, त्यामुळे "गीतेत असं लिहिलंय" म्हणून कुणी सुंदर दृष्टांत सांगितला तर तो बहुतेक वेळा माऊलींचा असतो, गीतेचा नसतो. टिळकांचं गीतारहस्य १९१५ साली आलं, मंडालेच्या तुरुंगात लिहिलेलं, त्याचा मोठा भाग म्हणजे गीता कर्मयोगच सांगते हे त्यांचं स्वतःचं प्रतिपादन आहे, श्लोकांचं भाषांतर आणि टीपा नंतर येतात. विनोबांची गीताई १९३२ची, ती श्लोकाला श्लोक अशी आहे, घट्ट, पाठांतराला एक नंबर, पण तितक्याच शब्दांत बसवायचं असल्यामुळे जिथं मूळ श्लोक अवघड तिथं गीताईही अवघडच राहते, मग सोबत विवरण हवंच. आणि त्यांची गीता प्रवचने म्हणजे १९३२ मध्ये धुळ्याच्या तुरुंगात दिलेली प्रवचनं, साने गुरुजींनी तिथंच उतरवून घेतलेली. ते भाषांतर नाही, पण ज्याने गीता कधी उघडलेलीच नाही त्याने सुरुवात तिथून केली तर पुढचं सोपं जातं असं माझं मत.

पायरी २. मुखपृष्ठ बघू नका, आतलं पान उघडा

अस्सल, संपूर्ण, मूळ, प्रासादिक हे कव्हरवरचे शब्द विक्रीसाठी असतात, ते सोडून द्या. आतल्या पानावर चार गोष्टी शोधा. भाषांतर करणाऱ्याचं नाव, संपादकाचं नाव, पहिली आवृत्ती कधीची, आणि मूळ पाठ कुठून घेतला. यातलं काहीच नसेल आणि नुसतं "संकलन" म्हणून प्रकाशनाचंच नाव असेल तर ते पुस्तक परत जागेवर ठेवा, कितीही स्वस्त असलं तरी.

याचं कारण साधं आहे. आपल्याकडे लेखक गेल्यावर साठ वर्षांनी कॉपीराईट संपतो, मग जुनं चांगलं भाषांतर कुणीही छापू शकतं, आणि छापतातही. छापायला हरकत नाही, उलट त्यामुळेच स्वस्तात मिळतं. पण काही जण काय करतात की प्रस्तावना उडवतात, कारण पानं वाचतात, तळटीपा उडवतात, जुनी भाषा "सोपी" करतात आणि मूळ लेखकाचं नाव तसंच ठेवतात. आता त्यातलं त्या विद्वानाचं किती आणि डीटीपी करणाऱ्याचं किती हे तुम्हाला कसं कळणार? मी एक सार्थ गीता पाहिलीय, प्रकाशकाचं नाव घेत नाही, तिच्यात एका अध्यायात अर्थ एका श्लोकाने सरकलाय, म्हणजे वरचा अर्थ खालच्या श्लोकाला, आणि ते तसंच पुढच्या आवृत्तीतही छापलंय. वाचणाऱ्याने संस्कृत न बघता नुसता अर्थ वाचला तर आयुष्यभर कळणार नाही.

प्रस्तावना मात्र दुकानात उभ्या उभ्या दोन पानं तरी चाळा. "मी अमुक आचार्यांच्या भाष्याला धरून अर्थ दिलाय, जिथं माझं मत वेगळं तिथं टीप दिलीय" अशा अर्थाचं एखादं वाक्य सापडलं की अर्धं काम झालं. प्रस्तावनेत नुसतीच गुरुस्तुती आणि देणगीदारांची यादी असेल तर सावध.

पायरी ३. मूळ, अर्थ आणि विवरण वेगवेगळं छापलंय का

नवख्या माणसाला सगळ्यात जास्त फसवणारी गोष्ट ही. चांगल्या पुस्तकात वर मूळ श्लोक, खाली पदच्छेद किंवा अन्वय, मग सरळ अर्थ, आणि त्याखाली वेगळ्या टायपात विवरण असतं. मग कळतं की इथपर्यंत व्यास बोलले, इथून पुढं लेखक बोलतोय. वाईट पुस्तकात दोन्हीचा काला असतो. दोन ओळींच्या श्लोकाला दहा ओळींचा "अर्थ", आणि त्यातल्या आठ ओळी लेखकाच्या मनातल्या. त्या वाईट असतात असं नाही, कधीकधी फार छान असतात, पण त्या गीतेच्या नावावर खपवणं बरोबर नाही.

सोपी ट्रिक आहे. कुठलाही एक लहान श्लोक काढा, शब्द मोजा. मुळात वीस शब्द आणि अर्थात ऐंशी, आणि जास्तीचे शब्द कंसात किंवा वेगळ्या टायपात नसतील, तर पुढं जा. भावानुवाद, म्हणजे शब्दाला शब्द न देता भाव दिलाय, असं स्पष्ट लिहून कुणी केलं असेल तर ठीक, तो प्रामाणिकपणा आहे, तिथं तुम्ही शब्दाला शब्द शोधायचंच नाही.

पायरी ४. परीक्षेचे चार श्लोक

ही पायरी घाई न करता करा. संस्कृत येत नसलं तरी चालतं. चार जागा लक्षात ठेवा, मोबाईलमध्ये लिहून ठेवा, आणि कुठलीही गीता घेताना आधी त्या चार जागा उघडा.

पहिली, २.४७, म्हणजे दुसऱ्या अध्यायातला सत्तेचाळिसावा श्लोक. कर्मण्येवाधिकारस्ते. सगळ्यांना पाठ असतो, म्हणजे अर्धा पाठ असतो. श्लोकात चार गोष्टी आहेत, कर्मावर तुझा अधिकार, फळावर कधीही नाही, फळाच्या हेतूने कर्म करणारा होऊ नकोस, आणि कर्म न करण्याचीही ओढ नको. शेवटचा चरण आहे मा ते सङ्गोऽस्त्वकर्मणि. बरीच भाषांतरं "फळाची आशा न धरता काम कर" एवढ्यावर आटपतात आणि तो चौथा चरण गिळतात, मग लोक म्हणतात गीता म्हणते काही होवो न होवो, गप्प बसा. गीता नेमकं उलट सांगतेय तिथं. तर तुमच्या हातातल्या पुस्तकात चारही गोष्टी वेगवेगळ्या दिसतायत का ते बघा.

दुसरी, ४.१३. चातुर्वर्ण्यं मया सृष्टं गुणकर्मविभागशः. इथं मुळात गुण आणि कर्म हे शब्द आहेत, जन्म हा शब्द नाही. आता काही भाषांतरांत अर्थातच लिहिलेलं असतं "जन्माने नव्हे", काहींत नेमकं उलट जन्माला धरून लिहिलेलं असतं. दोन्ही भर घातलेली आहे. विवरणात काय मांडायचं ते मांडा ना, त्याला कुणाची ना नाही, पण अर्थाच्या ओळीत घुसवलं की तो लेखक तुम्हाला आपल्या बाजूला ओढतोय हे ओळखा. शिवाय त्याच श्लोकाचा उत्तरार्ध, मी कर्ता असूनही मला अकर्ता जाण, तो तर कुणी वाचतच नाही.

तिसरी, ९.३२. स्त्रियो वैश्यास्तथा शूद्रास्तेऽपि यान्ति परां गतिम्, आणि त्याच्या आधीच्या ओळीतला पापयोनयः हा शब्द. आजच्या वाचकाला हा श्लोक टोचतो, टोचायलाच हवा. शंकराचार्यांच्या भाष्यात पापयोनी कोण, तर स्त्रिया, वैश्य, शूद्र, असा सरळ अन्वय आहे. काही टीकाकार तो शब्द वेगळा काढतात, म्हणजे पापयोनी आणि शिवाय स्त्रिया वगैरे. असा मतभेद आहे. प्रामाणिक भाषांतर तो शब्द ठेवतं आणि टीप देतं की याचा अन्वय दोन तऱ्हांनी लावतात. जे तो शब्दच गाळून "सर्व स्त्री-पुरुषांना मोक्ष मिळतो" असं गोडगोड करतात त्यांच्यावर माझा विश्वास बसत नाही, कारण जो इथं झाकतो तो आणखी कुठं कुठं झाकत असेल कुणास ठाऊक.

चौथी, १८.६६. सर्वधर्मान्परित्यज्य. शंकराचार्य म्हणतात इथं धर्म शब्दात अधर्मही धरायचा, कारण सगळ्या कर्मांचा त्याग सांगायचा आहे. रामानुजाचार्य म्हणतात कर्म सोडायचं नाही, फळ आणि कर्तेपण सोडायचं. म्हणजे याच एका श्लोकावर तुमचा भाषांतरकार कुठल्या घराण्याचा, म्हणजे कुठल्या मताचा, ते कळतं. इथं "सर्व धर्म" म्हणजे हिंदू, मुसलमान, ख्रिस्ती असे रिलिजन असा अर्थ कुणी केला असेल तर पुस्तक मिटा आणि चहा प्यायला जा.

एक बोनस जागा. तेराव्या अध्यायाची सुरुवात बघा. काही प्रतींत अर्जुनाचा प्रश्न असतो, प्रकृतिं पुरुषं चैव, काहींत तो नसतो आणि अध्याय थेट इदं शरीरं कौन्तेय पासून सुरू होतो. शांकरभाष्यात तो श्लोक नाही. तो धरला की गीता ७०१ श्लोकांची होते, आणि गंमत म्हणजे त्या अख्ख्या अध्यायाचे नंबर एकाने पुढे सरकतात. अमानित्वमदम्भित्वम् एका पुस्तकात १३.७ आणि दुसऱ्यात १३.८. सोसायटीच्या गीता ग्रुपमध्ये यावरून झालेले वाद मी ऐकलेत, दोघंही बरोबर असतात.

पायरी ५. घराणं ओळखा, आणि मराठी नक्की कशावरून केलंय ते बघा

न्यूट्रल भाषांतर नावाची चीज शोधत बसू नका, गीतेच्या बाबतीत ती मिळत नाही. शंकर, रामानुज, मध्व, आपल्याकडे वारकरी, टिळकांचा कर्मयोग, गौडीय वैष्णव (बंगालच्या चैतन्य महाप्रभूंचा पंथ), प्रत्येकाची बैठक वेगळी. त्यात काही चूक नाही, फक्त आपण कुठं बसलोय ते वाचणाऱ्याला माहीत पाहिजे.

दुसरा मुद्दा जास्त दुर्लक्षित आहे. मराठी पुस्तक म्हणजे संस्कृतवरून मराठी असंच नसतं. इस्कॉनची भगवद्गीता जशी आहे तशी ही इस्कॉनचे संस्थापक प्रभुपाद यांच्या इंग्रजी पुस्तकावरून मराठीत आलेली, गौडीय वैष्णव मताची, आणि ते मत लपवलेलं नाही, पण म्हणजे तुम्ही भाषांतराचं भाषांतर वाचताय. गोरखपूरच्या गीता प्रेसची, १९२३ पासूनची संस्था, मराठी पुस्तकं स्वस्त असतात, छपाई साधारण स्वच्छ असते, पण गोयंदका किंवा रामसुखदासजींची विवरणं मुळात हिंदीत आहेत. चालेल, पाठाला तर उत्तमच, फक्त एखाद्या शब्दावर अडलात तर मराठी वाक्यावर वाद घालत बसू नका, मूळ संस्कृतकडे जा. शंकराचार्यांची भाष्यं मराठीतून वाचायची असतील तर आचार्यभक्त विष्णु वामन बापटशास्त्र्यांचं काम आहे, भाषा जुनी, वाक्यं लांबलचक, पण माणूस वाट दाखवतो. उपनिषदांकडेही त्याच वाटेने जा, आणि "१०८ उपनिषदं एका पुस्तकात" असलं काही घेण्याआधी ईश, केन, कठ एवढी तीन नीट वाचा. ईशावास्य तर अठरा मंत्रांचं आहे.

पायरी ६. संतांच्या बाबतीत प्रश्न उलटा असतो

गीतेचा मूळ पाठ बऱ्यापैकी ठरलेला आहे, भांडण आहे ते अर्थाचं. पुण्याच्या भांडारकर संस्थेत १९१९ ते १९६६ अशी महाभारताची चिकित्सक आवृत्ती झाली, शेकडो हस्तलिखितं ताडून पाहिली, तरी गीतेच्या पाठात फार उलथापालथ झाली नाही. संतवाङ्मयात मात्र अर्थाच्या आधीच अडतं, मुळात शब्द कुठले, अभंग कुणाचा, इथूनच सुरुवात.

ज्ञानेश्वरी घ्या. ग्रंथ शके १२१२चा, म्हणजे १२९०. तीनशे वर्षांत नकला होत होत पाठ बिघडले म्हणून एकनाथ महाराजांनी शके १५०६ मध्ये म्हणजे १५८४ साली प्रती गोळा करून शुद्ध पाठ तयार केला, आणि वर दम भरून ठेवला की ज्ञानेश्वरीत जो आपली ओवी घालेल त्याने अमृताच्या ताटात नरोटी, म्हणजे नारळाची रिकामी करवंटी, ठेवली असं समजा. भाषांतर, संपादन याबद्दल मराठीत याहून कडक काही लिहिलं गेलंय असं मला वाटत नाही. पुढं १९०९ मध्ये वि. का. राजवाड्यांनी एकनाथपूर्व म्हणून एक प्रत छापली, तिची भाषा जुनी, रूपं वेगळी. शासनाने १९६० मध्ये आवृत्ती काढली. वारकऱ्यांत साखरे महाराजांची सार्थ आणि सोनोपंत दांडेकरांची १९५३ची सार्थ ज्ञानेश्वरी घराघरात असते. या सगळ्यांत ओव्यांची संख्या आणि शब्द थोडे थोडे वेगळे आहेत.

नवख्याने यात पडायचं नाही. सरळ दांडेकर किंवा साखरे घ्या, खाली गद्य अर्थ असतो, आणि ज्या दिंडीत किंवा सप्ताहात बसणार आहात तिथं कुठली प्रत चालते ते विचारून तीच घ्या, नाहीतर पारायणाला सगळे एक ओवी म्हणतात आणि तुम्ही वेगळीच. सुरुवात बाराव्या अध्यायाने करा, लहान आहे, भक्तीचा आहे. पहिल्या अध्यायापासून नेटाने सुरू करणारे बरेच जण सहाव्यातल्या कुंडलिनी योगाच्या अवघड वर्णनापाशी थांबतात.

ज्यांना एवढंही जास्त वाटतं त्यांनी हरिपाठ घ्यावा. ज्ञानेश्वरांचा हरिपाठ काही पुस्तकांत २७ अभंगांचा, काहींत २८, घाबरू नका.

तुकोबांच्या गाथ्याचं, म्हणजे त्यांच्या अभंगांच्या संग्रहाचं, प्रकरण आणखी गुंतागुंतीचं. इंदुप्रकाश छापखान्याची आवृत्ती विष्णु परशुरामशास्त्री पंडितांनी शंकर पांडुरंग पंडितांच्या देखरेखीखाली संपादित केली, पहिला भाग १८६९चा, वेगवेगळ्या गावच्या वह्या ताडून. शासकीय गाथ्यात साडेचार हजारांच्या वर अभंग आहेत. विष्णुबुवा जोगांच्या सार्थ गाथ्यात चार हजारांच्या थोडे वर. हे जोग महाराज म्हणजे आळंदीची वारकरी शिक्षण संस्था १९१७ मध्ये काढणारे. वि. ल. भाव्यांनी तुकोबांचे टाळकरी संताजी जगनाड्यांच्या वहीवरून वेगळाच गाथा काढला, तो पुष्कळ लहान. म्हणून "अभंग नंबर अमुक" असं कुणी सांगितलं तर आधी विचारा कुठल्या गाथ्यातला. नंबर शोधत बसण्यापेक्षा मागची अकारविल्हे (अ, आ, इ अशा क्रमाची) अनुक्रमणिका वापरा, पहिल्या चरणावरून अभंग सापडतो. ज्या गाथ्याला ती अनुक्रमणिकाच नाही तो घेऊ नका, चार हजार अभंगांत काय उभे राहून शोधणार?

आणि तुका म्हणे आलं म्हणजे तुकोबांचाच अभंग असं नाही. कुणीही शेवटी तुका म्हणे लावू शकतं, लावलंयही, पूर्वीही आणि आता तर रोज सकाळी. भाषा फारच आजची वाटली, "टेन्शन", "पॉझिटिव्ह" च्या वळणाचा उपदेश वाटला, तर अनुक्रमणिका उघडा. शासकीय गाथ्यातही नाही आणि जोगांच्यातही नाही म्हटल्यावर फॉरवर्ड करू नका.

पायरी ७. मोबाईलवर वाचणार असाल तर

विकिस्रोतावर बरंच मराठी संतवाङ्मय टाईप केलेलं मिळतं, शोधायला फार सोयीचं, पण टायपिंगच्या चुका असतात. आर्काइव्ह डॉट ऑर्गवर जुन्या पुस्तकांचे स्कॅन आहेत, तिथं मूळ छापील पानच दिसतं म्हणून जास्त भरवशाचं, फक्त त्याच फाईलचं मशीनने काढलेलं टेक्स्ट वापरू नका, त्यात घ चा ध, भ चा म आणि अवग्रह (ऽ ही खूण) गायब. आयआयटी कानपूरची गीता सुपरसाइट आहे, तिच्यावर एकाच श्लोकाखाली शंकर, रामानुज, मध्व अशी वेगवेगळी भाष्यं आणि काही हिंदी-इंग्रजी भाषांतरं एकत्र बघता येतात. वरचे चार परीक्षेचे श्लोक तिथं एकदा उघडून बघाच, एका संध्याकाळचं काम आहे, टीकाकार कुठं फुटतात ते डोळ्यांना दिसतं.

एआयला विचारायला हरकत नाही, अन्वय समजावून घ्यायला बरा पडतो, पण श्लोक आणि क्रमांक तो ठोकून देतो कधीकधी, आत्मविश्वास एवढा की आपल्यालाच वाटतं आपलंच पुस्तक चुकलंय. क्रमांक छापील पुस्तकात बघितल्याशिवाय पुढे पाठवायचा नाही.

आणि ते गीतासार. जे झालं ते चांगलं झालं, जे होतंय ते चांगलं होतंय, तू काय आणलं होतंस जे हरवलं. निम्म्या दुकानांत गल्ल्यामागे रथाच्या चित्रासह टांगलेलं असतं. गीतेच्या कुठल्याही श्लोकाचं ते भाषांतर नाही. वाचून कुणाला धीर येत असेल तर येऊ द्या, पण गीता वाचली असं त्यावरून म्हणू नका.

पायरी ८. परदेशात असाल किंवा मुलांना मराठी वाचता येत नसेल तर

इंग्रजीत गीता ढिगाने आहेत, तिथंही वरच्याच पायऱ्या लावा. संतांचं इंग्रजीत कमी आहे पण काही चांगलं आहे. ज्ञानेश्वरीचं वि. गो. प्रधान यांचं भाषांतर युनेस्कोच्या योजनेत १९६७ ते ६९ मध्ये आलं, शांत, सरळ गद्य. तुकोबांचे निवडक अभंग दिलीप चित्र्यांनी इंग्रजीत आणले, १९९१ चं पुस्तक, ते कवीने केलेलं भाषांतर आहे, शब्दाला शब्द शोधू नका, पण कॉलेजातल्या मुलाच्या हातात द्यायला त्याच्यासारखं नाही. मराठी पुस्तकं तिकडं मागवायची तर पोस्टेज जड पडतं, म्हणून गावाहून कुणी येणार असेल तर सार्थ ज्ञानेश्वरी एकच सांगा, सगळी यादी देऊ नका, बॅगेचं वजन त्यांचं असतं.

पायरी ९. दोन पुस्तकं आणि एक माणूस

शेवटी करायचं काय? एका पुस्तकावर राहू नका, दोन घ्या, वेगवेगळ्या घराण्यांची. माझ्या मते सुरुवातीला गीताई आणि गीता प्रेसची पदच्छेद-अन्वयवाली गीता, ही जोडी खिशाला परवडते आणि एकमेकांच्या त्रुटी भरून काढते. श्लोक आधी गीताईत म्हणायचा, मग पदच्छेद बघायचा, अडलं तर पेन्सिलने समासात खूण करायची आणि पुढे जायचं, तिथंच रुतून बसायचं नाही. विकत घेण्याआधी चाळून बघायचं असेल तर जुन्या ग्रंथालयांत जा, पुणे नगर वाचन मंदिर, दादरचं मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालय अशा ठिकाणी एकाच ग्रंथाच्या जुन्या नव्या आवृत्त्या शेजारी शेजारी ठेवून बघता येतात, दुकानात कोण ठेवू देणार.

खुणा साठल्या की त्या घेऊन कुणाकडे तरी जायचं असतं. गावातले कीर्तनकार, संस्कृतचे निवृत्त शिक्षक, फडावरचे जुने वारकरी, कुणीही चालेल, पदवी बघू नका. फक्त त्यांना पहिला प्रश्न असा विचारा, "महाराज, हे कुठल्या प्रतीत आहे?" काही जण चिडतात, श्रद्धा नाही का तुमची म्हणतात, त्यांना नमस्कार करून निघा. काही जण तिथल्या तिथं ठोकून उत्तर देतात. आणि एखादे म्हणतात की थांबा, बघून सांगतो, आणि पुढच्या एकादशीला पिशवीतून दोन पोथ्या काढून, चष्मा वर करून, दोन्हीतली तीच ओवी तुमच्यापुढं ठेवतात आणि म्हणतात हे बघा, इथं शब्द वेगळा आहे, मलाही माहीत नव्हतं. त्यांना सोडू नका, त्यांचा फोन नंबर घ्या आणि पुढच्या खुणा त्यांच्याकडेच न्या.